गाडी न येणाऱ्या गावातून

९ फेब्रुवारी

लाडके चिमणे,

पत्राला उशीर झाला, कबूल. कान धरलेत असं समज आणि पुढे वाच. माझी तब्येत उत्तम आहे, गुडघे सोडून. गुडघ्यांचं मी मनावर घेत नाही, तेही माझं मनावर घेत नाहीत. तू गोळ्या वेळेवर घेतेस ना? वर्गात गणित शिकवताना आधी तुझा आवाज चढतो आणि मग रक्तदाब, हे मला इथे बसून दिसतं.

तुझ्या पत्रात पुन्हा तेच. "ताई, त्या भुताच्या गावात काय ठेवलंय? माझ्याकडे ये." अगं, भुतंसुद्धा उरली नाहीत. त्यांनाही ये-जा करायला गाडी लागत असणार. इंजिनं बदलायचं गाव आमचं. नवी लाइन डोंगराच्या पलीकडून गेली, इंजिनं बदलायची गरज संपली, तशी गावाचीही संपली. शेवटची गाडी गेली, तिच्यामागे माणसं गेली, दुकानं गेली, दवाखाना गेला. टेलिफोनच्या तारासुद्धा कुणीतरी कापून नेल्या. आता स्टेशनसमोरच्या रस्त्याने चालताना माझ्याच चपलांचा आवाज मला मागून ऐकू येतो आणि मी वळून बघते. बँकेच्या इमारतीत मधमाश्यांनी पोळं केलंय. सिनेमागृहाचं छप्पर बसलं, खुर्च्यांमधून झाडं उगवली, ती सुद्धा रांगेत. लोक जाताना दारांना जाडजाड कुलपं लावून गेले, जणू संध्याकाळी परतणार आहेत.

उरलो आम्ही चौघं. स्टेशनमास्तर आणि मास्तरीणबाई, सांधेवाले भाऊ, आणि मी. (तू विसरली असशील म्हणून सांगते: गाडी या रुळावरून त्या रुळावर घ्यायची तर सांधा ओढावा लागतो, ते काम भाऊंचं. तुझ्या मेहुण्यांचं इंजिन त्यांनी जन्मभर या रुळावरून त्या रुळावर घेतलं.) भांडायला चौघं पुरतात. पत्ते खेळायलाही.

कामाचं म्हणशील तर पूर्वी मी गार्डांच्या झेंड्या आणि खलाशांचे डगले शिवायचे, आता खालच्या शहरातल्या हॉटेलांचे पडदे शिवते. आठवड्यातून एकदा पाववाल्याची गाडी वर येते. पाव, टपाल आणि कापड तोच आणतो, शिवलेलं तोच नेतो. परवा म्हणाला, "बाई, एकदम दुप्पट पाव? आणि अंडीपण?" म्हटलं, पक्ष्यांना घालते. तर म्हणे, "पक्षी अंडी खातात?" फार चौकस झालाय मेला.

एक विचारायचं होतं. तुला दिवस गेले होते तेव्हा सकाळी सकाळी पोटात काही ठरायचं नाही, आठवतं? तेव्हा तू काय खायचीस? मला नीटसं आठवत नाही. मास्तरीणबाईंची भाची आली आहे, तिच्यासाठी विचारते. बिचारीला चहाचा वाससुद्धा सोसत नाही. आणि मास्तरीणबाईंना मूलबाळ नाही, मला नाही, मग विचारणार कुणाला?

तुझ्या लेकीचं, टिटवीचं नाव पत्रात काढायचं नाही असं तू बजावलं होतंस, म्हणून काढत नाही. बरी असेल.

उत्तर लवकर पाठव. पाववाला मंगळवारी येतो.

तुझी,
ताई


२ मे

चिमणे,

तुझं पत्र आणि बिस्किटांचा डबा दोन्ही पोचले. कोरडा टोस्ट आणि वर थोडं मीठ, हा तुझा उपाय अगदी लागू पडला. भाचीने तुला धन्यवाद सांगितलेत. म्हणजे, तिने नुसती मान हलवली आणि खिडकीबाहेर बघत बसली, पण मी त्याचा अर्थ धन्यवाद असा घेतला.

तू शाळेतल्या मास्तरणीसारखी उलटतपासणी घेतली आहेस. "मास्तरीणबाईंना भाची कधीपासून? त्या तर एकुलत्या एक ना?" अगं, सख्खी नसेल. लांबची. माणसाला लांबची भाची असू शकते. आणि तुला एवढं लक्षात कसं राहतं? मला काल दुपारी काय जेवले ते आठवत नाही.

नवरा कामानिमित्त बाहेर असतो तिचा. म्हणून इथे आली, मोकळ्या हवेत. हवा आमच्याकडे भरपूर, खायला उठते.

खरं सांगू, पोरीने गाव हलवून सोडलंय. मास्तर रोज सकाळी दाढी करायला लागले. सांधेवाले भाऊ एरवी दिवसाला मोजून चार शब्द बोलायचे, आता तिला इंजिनांचे प्रकार समजावून सांगतात आणि ती ऐकून घेते. भाऊंनी जुनी ट्रॉली ठेवली आहे जपून. रूळ तपासायला बाबू लोक जिच्यावर बसायचे आणि मागून माणसं ढकलायची, ती, चार चाकांवरची फळी. भाऊ तिच्यावर सरपण आणतात. रूळ उचलायला ठेकेदार आला होता, पण वरच्या अंगाचे उचलून झाल्यावर तो आणि त्याची माणसं एकमेकांत भांडली आणि निघून गेली. त्यामुळे खालच्या शहरापर्यंतची लाइन अजून जागेवर आहे. तर संध्याकाळी भाऊ पोरीला ट्रॉलीवर बसवून बोगद्याच्या तोंडापर्यंत फिरवून आणतात. ती पाय सोडून बसते आणि गाणं म्हणते. आवाज भसाडा आहे. पण या गावात कुणी गाऊन किती वर्षं झाली होती.

मी झबली शिवते आहे. गळा किती मोठा ठेवू? तू ती पिवळी झबली शिवली होतीस, त्यांचा गळा डोक्यातून जायचा नाही आणि पोर किंचाळायची, म्हणून तर मी तिला टिटवी म्हणायला लागले. तसं व्हायला नको. माप कळव.

तुझ्या पत्रात शेवटी, घडीच्या खाली, बारीक अक्षरात एक ओळ होती. "ती कुठे आहे तुला कळलं तर सांग. मी विचारलं हे मात्र तिला सांगू नकोस." ती ओळ मी बऱ्याच वेळा वाचली. चिमणे, ती ठीक असेल गं. तुझीच लेक आहे, ठीक नसली तरी ठीक आहे म्हणेल.

आता दिवा लावायची वेळ झाली, डोळे पुरत नाहीत. जास्त काय लिहू? लिहिण्यासारखं खूप आहे, पण सगळंच काही आपलं नसतं लिहायला.

तुझी,
ताई


१९ जुलै
खालच्या शहरातून, दवाखान्याच्या व्हरांड्यातून

चिमणे,

आधी बस. पाणी पी. सगळं चांगलं आहे, हे पहिल्यांदा वाच आणि मग बाकीचं.

मास्तरीणबाईंना भाची नाही. सख्खी नाही, लांबची नाही. ती टिटवी होती. जानेवारीपासून ती माझ्याकडे आहे. काल दुपारी तिला मुलगी झाली. दोघी सुखरूप आहेत. तू आजी झालीस.

आता रागाव. पूर्ण रागावून झालं की पुढे वाच.

जानेवारीत एका मंगळवारी पाववाल्याची गाडी थांबली आणि पावाच्या ट्रेंमधून ही उतरली. हातात एक पिशवी, केसांना पावाचा चुरा. मी दार उघडून उभी, तर ही उंबऱ्याबाहेरच थांबली. म्हणाली, "मावशी, आईला सांगणार नसशील तर आत येते." स्वतः दाराबाहेर उभी आणि अट घालते! कुणावर गेली ते तूच ठरव. मी वचन दिलं. न देऊन काय करणार होते? ती तशीच मागे वळली असती आणि पाववाला तिला कुठे सोडून आला असता कोण जाणे.

ज्याच्यासाठी ती तुझं घर सोडून गेली, तो गेला, चिमणे. तुझं भाकीत होतं तसाच गेला. बंदरावरची क्रेनची नोकरी सोडली, जहाजावर काम मिळालंय म्हणाला, पोचलो की कळवतो म्हणाला. पुढे कुणीतरी त्याला दुसऱ्या बंदरावर पाहिलं, दुसऱ्या घरात. पोटात मूल आहे हे तिला त्यानंतर कळलं. त्याला अजूनही माहीत नाही आणि कळवायचं नाही असं तिने ठरवलंय.

पहिल्या आठवड्यात ती नुसती झोपायची. मग एके दुपारी माझ्या मशीनशेजारी येऊन बसली, चिंध्यांशी खेळत. मी म्हटलं, "आईला कळवूया गं, ती काही वाघ नाही." तर म्हणाली, "मावशी, तो गेला हे मी पचवीन. पण आईचं बरोबर निघालं ना, ते पचत नाही." लहानपणापासून तुझी उत्तरं बरोबर येतात आणि माझी चुकतात. बरोबर उत्तर असलेल्या माणसाशेजारी राहणं किती अवघड असतं, ते आपल्या दोघींच्या घरात मला आणि तिलाच माहीत.

आमचा बेत पक्का होता. दिवस भरायच्या आधीच पाववाल्याबरोबर खाली यायचं, त्याच्या बहिणीकडे राहायचं, दवाखाना तिथून हाकेच्या अंतरावर. पण पाऊस लागला तो उसंत घेईना. घाटात दरड कोसळली, रस्ता बंद. पाववाला आला नाही. आणि बाळाला कुठे ठाऊक रस्ता बंद आहे! काल सकाळी मी चहा टाकला होता तेवढ्यात मोरीतून हाक आली, "मावशी, काहीतरी होतंय."

मी धावत मास्तरांकडे. गुडघे होते की नव्हते, मला आठवत नाही. मास्तर दाढीचा साबण लावून बसले होते. तसेच उठले. आणि चिमणे, या माणसाला मी गाड्या बंद झाल्यापासून कधी ताठ उभं राहिलेलं पाहिलं नव्हतं. सांधेवाले भाऊंना म्हणाले, "लाइन क्लिअर आहे का?"

भाऊ म्हणाले, "मास्तर, लाइनवर बकऱ्यांशिवाय कोण येणार?"

"विचारलं तेवढं सांगा."

"क्लिअर आहे, साहेब."

"मग ट्रॉली काढा."

ट्रॉलीवर गादी घातली. शिवून तयार असलेले हॉटेलचे पडदे मी पोरीभोवती गुंडाळले. (हॉटेलवाल्याला काय सांगायचं ते नंतर बघू.) मास्तरीणबाई मोठी छत्री घेऊन तिच्या डोक्याशी, मी हाताशी, मास्तर मागून ढकलायला आणि भाऊ ब्रेकवर. उतार आहे, त्यामुळे ढकलायचं काम फार नाही. रोखायचं काम जास्त. रुळांवर झुडपं वाढलेली, ती चाकाखाली कडाकड मोडत होती, पानांचं पाणी तोंडावर उडत होतं. भाऊ सारखे म्हणत होते, "धरलंय, ताई, धरलंय." मला सांगत होते की ब्रेकला, कळलं नाही.

बोगद्यात पूर्ण काळोख. वरून पाणी गळतंय. तिथे तिला मोठी कळ आली. "आई गं" म्हणून ओरडली आणि अख्खा बोगदा "आई गं, आई गं" म्हणायला लागला. दुखलं की सगळेच आई गं म्हणतात, आपल्याला बोलायलाच तसं शिकवलेलं असतं. पण बाहेर उजेडात आल्यावर तिने माझा हात घट्ट धरला आणि अगदी शांतपणे म्हणाली, "आईला बोलव." तर वचन मी मोडलेलं नाही. तिनेच मला त्यातून मोकळं केलं.

बोगद्यापुढे झाड आडवं पडलेलं. मी तिथे रुळावर मटकन बसले. पोरगी मात्र उठून उभी राहिली. म्हणाली, "बसताय काय सगळे? ट्रॉली उचला." आणि स्वतः पोट धरून, एका हाताने माझ्या मानेला मिठी मारून, चिखलातून झाडाला वळसा घालून चालली. मधे थांबायची, वाकायची, पुन्हा चालायची. तिला पलीकडे बसवून आम्ही चौघांनी ट्रॉली उचलून फांद्यांवरून पार केली. मास्तरीणबाई बादली उचलायची झाली तरी मास्तरांना हाक मारतात, त्यासुद्धा एक कोपरा धरून होत्या. मधेच कुणाच्या तरी कमरेतून कट्ट असा आवाज आला. कुणाच्या ते अजून ठरलेलं नाही, तिघंही नाही म्हणतात.

शहराच्या फाटकापाशी रस्ता लाइनला आडवा जातो. तिथे कुणाला वाटणार आहे की या रुळांवरून काही येईल? भाऊंनी ब्रेकवर अंग टाकलं, चाकांतून ठिणग्या उडाल्या, आणि समोरून आलेला दुधाचा ट्रक ब्रेक मारून आडवा झाला. ड्रायव्हर शिव्या द्यायला उतरला. बघतो तर चार म्हातारी माणसं चिखलाने माखलेली, एकाच्या गालाला वाळलेला साबण, आणि मधे पडद्यांत गुंडाळलेली ही. त्यानेच तिला उचलून ट्रकमध्ये घेतलं आणि दवाखान्यापर्यंत हॉर्नवरचा हात काढला नाही.

बाळ आडवं होतं. ऑपरेशन करावं लागलं. डॉक्टरीणबाईंनी विचारायचं ते विचारलं, मी सांगायचं ते सांगितलं. ते राहू दे. रक्त बरंच गेलं आहे, पोरगी पांढरीफटक दिसते, पण आज सकाळी ती थोडं सूप प्यायली आणि मीठ कमी आहे म्हणून तक्रार केली, तेव्हा माझ्या जिवात जीव आला. बाळ लालबुंद आहे. नाक तुझं आहे. इलाज नाही.

तू येशील ना? खालच्या शहरापर्यंत तुझ्याकडून थेट गाडी आहे. स्टेशनवरून दवाखाना कुणीही दाखवेल, नाहीतर दूधवाल्या ट्रकचं विचार, तो आता सगळ्या शहराला ही गोष्ट सांगत फिरतोय. शाळेला रजा टाक. गणित कुठे पळून जात नाही.

एकच मागणं. ती तुला बघून काही वेडंवाकडं बोलेल, तोंड फिरवेल. तू "मी सांगितलं होतं" एवढे तीन शब्द तेवढे म्हणू नकोस. ते तिने स्वतःला रोज म्हणून झालेत.

वाट बघते. सगळेच बघतोय.

तुझी,
ताई


३० ऑगस्ट

चिमणे,

तुम्ही तिघी सुखरूप पोचलात हे कळलं. बाळ गाडीत रडलं नाही आणि टिटवी मात्र रडली, हेही कळलं. रडू दे तिला. माझ्याकडे होती तेवढे महिने ती एकदाही रडली नव्हती, आणि मला त्याचीच काळजी वाटायची.

घाटाचा रस्ता मोकळा झाला. पाववाल्याने यायला सुरुवात केली, पाव पुन्हा निम्मा घेते. (पक्ष्यांची ती चौकशी मीच रचून लिहिली होती, पोरीला तर त्यानेच आणून सोडलं होतं.) हॉटेलवाल्याने पडद्यांची हकिगत ऐकून दुसरं कापड पाठवलं आणि वर बाळासाठी टोपी पाठवली. मास्तर सध्या रोज ट्रॉलीच्या चाकांना तेल घालायला लावतात. भाऊ विचारतात, "आता कोण बाळंत होणार आहे आपल्यात?" मास्तर म्हणतात, "लाइन तयार पाहिजे." मास्तरीणबाईंची कंबर धरली आहे, म्हणजे तो कट्ट त्यांचाच होता.

तू दवाखान्यात आलीस तेव्हा मी दाराबाहेरच्या बाकावर होते. तुझ्या बाहीला खडूची भुकटी होती, शाळेतून तशीच निघालीस. माझ्याकडे बघितलंस आणि सरळ आत गेलीस. मला वाटलं होतं आधी माझी खरडपट्टी होईल. मी बाहेरून सगळं ऐकलं, चिमणे. पडदा काही भिंत नव्हे. टिटवी भिंतीकडे तोंड करून म्हणाली, "म्हण ना, तुझं बरोबर होतं." मी डोळे मिटून घेतले. मग तुझा आवाज आला, तो मी आजवर ऐकला नव्हता: "एवढ्या एका बाबतीत मला चुकायचं होतं गं." आणि लगेच तुझा नेहमीचा: "केसांचं काय करून ठेवलंयस? फणी कुठाय?" फणी शोधायला तू पिशवी उलटी केलीस, त्यातली सगळी नाणी आणि किल्ल्या खाली पडल्या, आणि मग दोघींचं हसणं ऐकू आलं. मी तेव्हा बाकावर बसून काय केलं ते सांगत नाही.

पण एक सांगायलाच हवं. तू विचारलं नाहीस म्हणून सांगते. विचारलं असतंस तर कदाचित थापा मारल्या असत्या.

दुसऱ्या दिवशी नर्स आली आणि तुला म्हणाली, "तुम्ही आजी? मग या बाई कोण? यांनी तर स्वतःला आई सांगितलंय." तू माझ्याकडे पाहिलंस. नुसतं पाहिलंस, आणि थर्मास माझ्या हातात देऊन म्हणालीस, "ताई, चहा आण." मी चहा आणायला गेले. तो विषय तिथेच राहिला.

ऑपरेशनच्या आधी डॉक्टरीणबाईंनी विचारलं होतं, "तुम्ही पेशंटच्या कोण?" घाई होती. पण घाईचं कारण मी पुढे करणार नाही. मावशी म्हणायला तेवढाच वेळ लागतो. मी म्हटलं, "आई." विचार न करता म्हटलं, आणि म्हटल्यावर दुरुस्त केलं नाही.

आणि बोगद्यातली गोष्ट मी तुला अर्धीच लिहिली होती. ती "आई गं" म्हणाली तेव्हा मी काळोखात तिच्या कानाशी म्हटलं होतं, "आहे ना मी इथे." तिने मान हलवली. म्हणाली, "तू नाही गं. आई." नंतर उजेडात आल्यावर "आईला बोलव" म्हणाली, ते तेवढं मी तुला कळवलं. आधीचं ठेवून घेतलं. तिची चूक नाही त्यात. जीव जातोय की राहतोय अशा वेळी माणूस खरं तेच बोलतं. पण मला लागलं, चिमणे. या वयात इतकं लागेल असं वाटलं नव्हतं.

वचन होतं, हे खरं. पण तेवढंच खरं नाही. एप्रिलमध्ये, मे महिन्यात, तुझी ती बारीक अक्षरातली ओळ वाचल्यावर, मी तिला समजावू शकले असते. "आई विचारतेय गं" एवढं म्हटलं असतं तर ती विरघळली असती, मला ठाऊक होतं. मी म्हटलं नाही. सकाळी उठून कुणासाठी तरी टोस्ट भाजायचा, रात्री कुणाच्या तरी अंगावर पांघरूण ओढायचं, कुणी "मावशी, माझं ते कुठे ठेवलंस" म्हणून हाका मारायच्या. गावात चार माणसं आणि माझ्या घरात दोन! मला वाटायचं, अजून एक मंगळवार जाऊ दे. मग अजून एक. ती तुझी आहे हे मी विसरले नव्हते. फक्त आठवण काढत नव्हते.

हे वाचून तू रागावणार नाहीस, हे मला माहीत आहे, आणि त्यानेच जास्त अवघड होतं.

निघताना स्टेशनवर तू म्हणालीस, "चल ना ताई, आता तरी. बाळ आहे, घर आहे, तुझं मशीन खिडकीशी ठेवू." टिटवीही म्हणाली. बाळाने माझं बोट धरून ठेवलं होतं, ते मला सोडवावं लागलं. मी मास्तरीणबाईंच्या कमरेचं निमित्त सांगितलं. ते निमित्तच होतं. त्या मास्तरांकडून उत्तम सेवा करून घेत आहेत.

आज जर मी आले, तर तू बाळाला अंघोळ घालताना मी तुझ्या हातातून ते ओढून घेईन. टिटवी रात्री उठली की तुझ्याआधी मी उठेन. तू काही बोलणार नाहीस, थर्मास देऊन चहाला पाठवशील. असं मला तुझ्या घरात राहायचं नाही. अजून थोडे दिवस इथे राहते. सकाळी एकाच पावाचा टोस्ट भाजून खाते, एक डाव पत्त्यांचा हरते, गाव फिरून येते. सवय मोडायला माझं गाव चांगलं आहे, इथे काहीच मागे ओढायला नाही. थंडी सुरू झाली की पत्र टाक. तेव्हा मशीनसकट येते. खिडकीपाशी जागा करून ठेव, आणि मशीन जड आहे, घ्यायला स्टेशनवर कुणीतरी यायला हवं. टिटवी आली तर बरं.

पोरीला सांग, औषध वेळेवर घ्यावं. बाळाला माझ्याबद्दल काय सांगायचं ते तुम्ही दोघी ठरवा. मी माझ्यापुरतं ठरवलंय, आणि ते खाली स्वच्छ अक्षरात लिहिते आहे.

टिटवीची,
मावशी